मूकपटाचा वेग वल्ह्यांनी मोजताना

जुन्या मूकपटातली माणसं तुरुतुरु चालतात, हे आपण लहानपणापासून धरूनच चाललेलो असतो. मिरवणूक असो, दरबार असो नाहीतर नुसता रस्ता, सगळ्यांना कुठेतरी पोचायची घाई. मलाही त्यात कधी काही खटकलं नव्हतं. पण एका लांबलचक बोटीत आठ जण तसेच तुरुतुरु वल्हवताना पडद्यावर पाहिले आणि मी खुर्चीत सावरून बसलो. कॉलेजची सगळी वर्षं मी पुण्याला सीओईपीच्या, म्हणजे इंजिनिअरिंग कॉलेजच्या, बोट क्लबवर काढली आहेत. पहाटे जलपर्णी बाजूला सारत मुळेच्या पाण्यात उतरायचं, रेगाटा, म्हणजे क्लबचा वार्षिक बोटींचा सोहळा, जवळ आला की लेक्चरांना रामराम ठोकायचा, आणि हातांना फोड आले की ते मिरवायचे. असा माणूस वल्ह्याची गती डोळ्यांनी ओळखत नाही, पाठीने ओळखतो. पडद्यावरच्या त्या बोटीत मिनिटाला पन्नासच्या वर स्ट्रोक, म्हणजे वल्ह्याचे फटके, पडत होते. त्या गतीने सव्वाचार मैल कुणी जात नाही. शर्यत सुटतानाचे पहिले काही जोरकस स्ट्रोक सोडले तर अर्धा मैलसुद्धा नाही.

शर्यत कुठली, तर ऑक्सफर्ड आणि केंब्रिज यांच्यातली बोट रेस. पहिली १८२९ साली हेन्लीला झाली. १८४५पासून ती लंडनमध्ये पटनी ते मॉर्टलेक या पट्ट्यात होऊ लागली आणि १८५६पासून, महायुद्धं आणि करोना वगळता, दरवर्षी होत आली आहे. अंतर ४ मैल ३७४ यार्ड, म्हणजे पावणेसात किलोमीटर. गंमत अशी की बोटी नदीच्या प्रवाहाविरुद्ध जातात, पण पाण्याविरुद्ध नाही. थेम्समध्ये समुद्राची भरती आत चढत असते, तिच्या पाठीवर बसून जायचं. पूर्ण भरतीच्या साधारण दीड तास आधी शर्यत सुटते. आपल्या खाडीकाठच्या कुणालाही यात नवल वाटणार नाही.

मी हल्ली लंडनला असतो आणि थेम्सवरच्या एका लहानशा क्लबात शनिवार-रविवारी वल्हवतो. क्लबाचा माळा आवरायला काढला तेव्हा बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा सापडला. आत काळ्या, चपट्या, गोल डब्या आणि प्रत्येक डबीत फितीची गुंडाळी. सेक्रेटरीबाई मला म्हणाल्या, "तू इंजिनिअर आहेस ना, बघ जरा." इंजिनिअर म्हटला की मिक्सरपासून मूकपटापर्यंत काहीही दुरुस्त करतो, हा समज फक्त आपल्या नातेवाइकांचाच आहे असं मला तोवर वाटत होतं.

फीत साडेनऊ मिलिमीटरची निघाली. पाथे कंपनीने १९२२च्या अखेरीस घरगुती वापरासाठी काढलेला हा प्रकार. नेहमीच्या फितीला कडेने भोकं असतात. हिला दोन फ्रेमच्या मध्ये, बरोब्बर मध्यभागी एकच भोक. त्यामुळे कडेची जागा वाया जात नाही आणि एवढ्याशा फितीवर चित्र चांगलं ऐसपैस बसतं. डोकं लढवलेलं आहे यात शंका नाही. पण प्रोजेक्टरचा आकडा एकदा का भोक चुकला की ओरखडा थेट चित्राच्या मध्यावर. आमच्या फितीत असे ओरखडे जागोजागी होते. म्हणजे कुणीतरी ती हौसेने पुष्कळदा पाहिलेली होती.

जुनी फीत हातात आली की पहिली भीती नायट्रेटची. त्या काळातली चित्रपटगृहांची पस्तीस मिलिमीटरची फीत नायट्रेटची असे, आणि ती एकदा पेटली की हवा तोडूनही विझत नाही. साडेनऊची फीत घराघरात जायची म्हणून ती सुरुवातीपासून ॲसिटेटची, म्हणजे न भडकणारी. ॲसिटेटचं दुखणं वेगळं. ते सडायला लागलं की त्यातून व्हिनेगरचा वास सुटतो, फीत आकसते, वाकडी होते, आणि एका डबीची लागण शेजारच्या डबीलाही होते. त्यामुळे तपासणीची पहिली पायरी म्हणजे डबी उघडायची आणि हुंगायचं. एक डबी उघडली तर बुरशी धरलेल्या लोणच्याच्या बरणीत तोंड घातल्यासारखं झालं. ती तेव्हाच वेगळी काढली. बाकीच्या बऱ्या होत्या.

व्यवसाय म्हणून हे काम करणाऱ्या एका ठिकाणी आधी विचारलं. फीत आकसलेली आहे, आमच्या यंत्रात भोकं जुळणार नाहीत, म्हणून त्यांनी साभार परत केली. मग स्वतःच जुगाड केला. कॅमेरा स्टँडवर उभा, त्याला मॅक्रो लेन्स, समोर थ्रीडी प्रिंटरवर छापून घेतलेली एक खाच, खाचेमागे पांढरा एलईडी. फीत खाचेतून सरकवायला दात नाहीत, मोटर नाही, फक्त हातमोजे घातलेली दोन बोटं. एक फ्रेम सरकवायची, एक फोटो काढायचा. पुन्हा सरकवायची. नऊ-दहा मीटरच्या एका गुंडाळीत बाराशेच्या आसपास फ्रेम भरतात. कसोटी सामन्याची कॉमेंट्री लावून बसलं की हे काम होतं. टी-ट्वेंटीचं इथे काम नाही.

डब्यांमध्ये एक विकतची छापील फीतही होती, डोंगरातल्या आगगाडीची. तिच्यात मजकुराची पाटी जेमतेम एकदोन फ्रेमपुरती होती, डोळ्याला दिसेपर्यंत गायब. असं का, याचं उत्तर फितीच्या कडेला सापडलं. तिथे एक छोटीशी खाच कापलेली होती. प्रोजेक्टरमध्ये ती खाच आली की यंत्र फीत थोडा वेळ तिथेच थोपवून धरायचं, प्रेक्षक पाटी वाचायचे, मग गाडी पुढे. पाटीसाठी शेकडो फ्रेम खर्च करायच्या नाहीत. फीत वाचवण्यासाठी केलेली ही काटकसर पाहून मला पाथेवाल्यांचं मूळ गाव सदाशिव पेठेत असावं अशी शंका आली.

बोट रेसची गुंडाळी मात्र घरीच चित्रित केलेली. पाटी नाही, नाव नाही, साल नाही. सगळे फोटो एकापुढे एक लावले, भोकाच्या जागेवरून एकमेकांवर बसवले, आणि सॉफ्टवेअरने त्याच्या सवयीप्रमाणे सेकंदाला पंचवीस फ्रेमच्या वेगाने ते चालवून दाखवले. तेव्हाच ते तुरुतुरु वल्हवणं मी पाहिलं.

इथे थोडं मागे जायला हवं. या शर्यतीचं चित्रीकरण फार जुनं आहे. ३० मार्च १८९५ला बर्ट एकर्स नावाच्या छायाचित्रकाराने ती टिपली. ल्युमिएर बंधूंचा पॅरिसमधला तो प्रसिद्ध पहिला खेळ व्हायला अजून नऊ महिने होते. एकर्सचा तेव्हाचा भागीदार रॉबर्ट पॉल हा लंडनचा उपकरणं बनवणारा कारागीर. एडिसनने आपल्या किनेटोस्कोपचं, म्हणजे डोळा लावून आत पाहायच्या पेटीचं, पेटंट इंग्लंडमध्ये घेतलंच नव्हतं. पॉलने सरळ त्या पेट्या बनवून विकायला सुरुवात केली. पेट्या झाल्या, पण आत घालायच्या फिती एडिसनच्या माणसांच्या हातात, आणि ते पॉलच्या गिऱ्हाइकांना कशाला देतील! म्हणून स्वतःचा कॅमेरा बनवणं आलं. कॅमेरा झाल्यावर चित्रित काय करायचं, तर लोकांना आधीच ज्याचं वेड आहे ते. मार्चच्या अखेरीला बोट रेस, मेच्या अखेरीला डर्बीची घोड्यांची शर्यत.

आपल्याकडेही कॅमेऱ्याची सुरुवात खेळानेच झाली. सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी १८९९ साली मुंबईत हँगिंग गार्डनला कुस्तीचा सामना टिपला. पुढे १९०१ साली त्यांनी केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या र. पु. परांजप्यांचं स्वागत चित्रित केलं. केंब्रिजच्या बोटींच्या ऐवजी आपल्या वाट्याला केंब्रिजचा गणिती आला. चालायचंच.

एकर्स आठवला तो वेगाच्या प्रश्नामुळे. पेटीतल्या किनेटोस्कोपला सेकंदाला चाळीसच्या आसपास फ्रेम लागत. चाळीस फुटी पस्तीस मिलिमीटरच्या फितीत ६४० फ्रेम. पेटीत ती सोळा सेकंदांत संपायची. तीच फीत आपण सेकंदाला सोळा फ्रेमच्या वेगाने चालवली तर चाळीस सेकंद चालेल आणि वल्हेकरी झोपेत वल्हवताहेत असं वाटेल. म्हणजे जुनं ते सगळं वेगात धावतं हेही खरं नाही. एकाच नदीवरच्या एकाच शर्यतीच्या दोन फिती, एक धावते, एक रांगते. दोष दोन्ही वेळा फितीचा नाही, चालवणाऱ्याचा.

हातमुठीच्या कॅमेऱ्यात साधारणपणे मुठीच्या एका फेरीला आठ फ्रेम पडत. सेकंदाला दोन फेऱ्या म्हणजे सोळा फ्रेम, हा झाला पुस्तकी वेग. पण मूठ फिरवणारा माणूस असतो. बोटी जवळ आल्या की त्याचं काळीज जोरात उडतं आणि हातही. बोलपट आल्यावर चोवीसचा नियम पक्का झाला, कारण आवाजाला वेगातले चढउतार चालत नाहीत. तोवर सगळा हातचा कारभार. आणि जुन्या फिती पुढे जेव्हा चोवीस किंवा पंचवीसच्या यंत्रांतून जशाच्या तशा काढल्या गेल्या, तेव्हा आपले सगळे पूर्वज तुरुतुरु झाले.

तर आमच्या फितीचा खरा वेग काय? पहिला पुरावा एका पोराने दिला. बोटी यायच्या आधी कॅमेरा काठावरची गर्दी टिपत फिरतो. एका विटांच्या भिंतीवर पोरं चढून उभी आहेत. त्यातलं एक नुसता पाय पुढे टाकून खाली उतरतं. भिंतीचे विटांचे थर मोजता येतात, वीस भरले. इंग्रजी बांधकामात वीट आणि चुना धरून एक थर सुमारे तीन इंचांचा. वीस थर म्हणजे साठ इंच, दीड मीटरला किंचित वर. एवढ्या उंचीवरून पडायला पोराला नाही, राजाला नाही, कुणालाच ०.५६ सेकंदापेक्षा कमी वेळ लागत नाही. पोराचे पाय भिंत सोडल्यापासून जमिनीला लागेपर्यंत नऊ फ्रेम. नऊ भागिले ०.५६, म्हणजे सोळा. एका फ्रेमची चूक धरली तर साडेचौदा ते अठरा. पंचवीसच्या जवळपासही नाही.

हे गणित मी पुण्याच्या मित्राला फोनवर ऐकवलं. तोही आमच्याच बोट क्लबचा, पंट फॉर्मेशनमध्ये माझ्या मागे बसायचा. तो म्हणाला, "अरे, पोराचं सोड. स्ट्रोक मोज की. तू रोइंग केलंस की क्रिकेट?" बरोबर होतं त्याचं.

वल्ह्याचं पातं पाण्यात शिरतं त्या फ्रेमपासून ते पुन्हा शिरतं त्या फ्रेमपर्यंत मोजायचं. अठ्ठावीस, एकोणतीस, तीस, एकोणतीस. सरासरी एकोणतीस. पंचवीसच्या वेगाने याचे मिनिटाला बावन्न स्ट्रोक होतात आणि सोळाच्या वेगाने तेहतीस. लांब पल्ल्यात, मधल्या टप्प्यात, आठ जणांची बोट बत्तीस-चौतीसवर स्थिरावते हे कुठल्याही कॉक्सला, म्हणजे बोटीत सुकाणू धरून बसणाऱ्याला, विचारा. पोर आणि वल्ही एकमेकांना न भेटता एकच आकडा सांगत होते.

तरी तिसरा साक्षीदार हवासा वाटला, कारण स्ट्रोकचा आकडा मला आधीच ठाऊक होता आणि माणूस आपल्याला हवा तो आकडा शोधून काढतो. नदीत एक खांब दिसतो, होड्या बांधायचा. बोटीचं टोक त्या खांबामागे जातं तिथपासून शेपूट बाहेर पडेपर्यंत चोपन्न फ्रेम. कॅमेरा बोटीबरोबर वळतोय, पण त्याने बिघडत नाही. वळणारा माणूस जागचा हललेला नाही, तेव्हा त्याच्यापासून खांबापर्यंतची रेघ तीच राहते. आठांची शर्यतीची बोट सुमारे बासष्ट फूट, म्हणजे एकोणीस मीटरच्या आत-बाहेर. सोळाच्या हिशेबाने ती खांब ओलांडायला साडेतीन सेकंदांहून थोडा कमी वेळ घेते, म्हणजे सेकंदाला साडेपाच मीटरच्या वर. त्या वेगाने पूर्ण अंतर कापायला वीस मिनिटं. त्या काळातल्या शर्यती बहुतेक एकोणीस ते एकवीस मिनिटांत संपत. पंचवीसचा वेग खरा मानला, तर हीच मंडळी तेरा मिनिटांत मॉर्टलेकला पोचली असती. या शर्यतीचा विक्रम केंब्रिजने १९९८ साली केलेला १६ मिनिटं १९ सेकंदांचा आहे. आहारतज्ज्ञ, कार्बन फायबरच्या बोटी आणि वर्षभराचा सराव घेऊन!

वेग ठरला. मग दुसरंच कोडं पुढे आलं. बोटी उजवीकडून डावीकडे जात होत्या आणि उजव्या अंगाला हॅमरस्मिथचा झुलता पूल. तो ओळखायला काहीच अडचण नव्हती. बॅझलजेट या इंजिनिअरने बांधलेला, १८८७चा, मनोऱ्यांवर नक्षी असलेला. (त्याआधीच्या पुलावर १८७० साली याच शर्यतीसाठी अकरा-बारा हजार माणसं चढली होती. मालकांनी हाय खाल्ली आणि पुढे पूलच बदलला. आजच्या पुलावरही २०१९पासून गाड्यांना बंदी आहे.) बोटी पटनीकडून येऊन पुलाखालून पुढे निघालेल्या, आणि उजवीकडून डावीकडे. म्हणजे कॅमेरेवाला दक्षिण काठावर, सरे बाजूला उभा असणार.

पण भोक मध्यभागी असलेल्या फितीला उलट-सुलट नसते. ती पालथी घातली तरी खाचेत तितकीच नीट बसते आणि चित्र आरशातलं येतं. आरशात पाहिलेला उत्तर काठ अगदी दक्षिण काठासारखाच दिसणार. एकही अक्षर वाचता येत नव्हतं, कोटांची बटणं दिसत नव्हती. शेवटी पुन्हा बोटीलाच विचारलं.

कॉक्सच्या समोर बसतो तो आठ नंबर. त्या वल्हेकऱ्यालाही स्ट्रोकच म्हणतात. रूढीप्रमाणे त्याचं वल्हं बोटीच्या डाव्या अंगाला असतं. डावं म्हणजे बोट जाते त्या दिशेने पाहिलं तर. दक्षिण काठावरून पाहणाऱ्याला बोटीचं डावं अंग जवळचं, तेव्हा स्ट्रोकचं वल्हं त्याच्या बाजूला दिसायला हवं. फितीत दोन्ही बोटींमध्ये ते पलीकडच्या बाजूला होतं. एखाद्या बोटीने रूढी मोडली असती तर समजू शकतो. एकाच दिवशी दोघांनी मोडली असेल हे पटेना. चित्र आडवं पालटलं आणि सगळं जागच्या जागी बसलं. कॅमेरेवाला उत्तर काठावर होता, लोअर मॉल नावाच्या नदीकाठच्या रस्त्यावर, पुलाच्या थोडं वरच्या अंगाला. एका शनिवारी सराव संपल्यावर सायकल घेऊन तिथे गेलो, फोनवर एक फ्रेम उघडून पुलाचे मनोरे जुळतात का पाहत उभा राहिलो. जुळले. शेजारून कुत्रं फिरवणाऱ्या बाईंनी मला काय हरवलंय का असं विचारलं.

सालाच्या बाबतीत मात्र फीत आडमुठी निघाली. सावल्या असत्या तर सूर्याच्या दिशेवरून घड्याळाची वेळ काढता आली असती. शर्यत भरतीवर सुटते, दरवर्षी भरतीची वेळ वेगळी, जुन्या वर्तमानपत्रांत सुटायच्या वेळा छापलेल्या. ताडून पाहता आलं असतं. पण आभाळ इतकं भरलेलं की अख्ख्या फितीत एक सावली नाही. इंग्लंडमधला वसंत ऋतू!

रंगांनी थोडी मदत केली. ऑक्सफर्डचा गडद निळा, केंब्रिजचा फिकट निळा. काळ्या-पांढऱ्या फितीत दोन निळे कसे ओळखणार? पण त्या काळातली घरगुती फीत तांबड्याला आंधळी आणि निळ्याला नको तितकी हळवी होती. म्हणूनच जुन्या चित्रांत आकाश पांढरंफटक येतं आणि लाल ओठ काळे. अशा फितीवर केंब्रिजची पाती जवळजवळ पांढरी आणि ऑक्सफर्डची करडी उतरतात. पुढच्या बोटीची पाती पांढरी होती. केंब्रिज पुढे. हर्ष फार टिकला नाही, कारण १९२० ते १९३६ या सगळ्या शर्यती १९२३चा अपवाद वगळता केंब्रिजनेच जिंकल्या आहेत. केंब्रिज पुढे आहे, एवढ्यावरून त्या काळातलं साल शोधणं म्हणजे पावसावरून जुलैची तारीख ओळखणं.

मागून येणाऱ्या लाँचींपैकी एकीवर काठीसारखं काहीतरी उभं दिसतं. १९२७ साली बीबीसीने या शर्यतीचं पहिलं धावतं वर्णन रेडिओवरून ऐकवलं, ते मागच्या लाँचमधून. ती काठी म्हणजे एरियल, असं मानायचा मोह मला बराच काळ पडला होता. पण साडेनऊ मिलिमीटरवरची काठी ही झेंड्याचीही असू शकते. बायकांच्या डोक्यांवर घट्ट बसणाऱ्या घंटेच्या आकाराच्या टोप्या आहेत, त्या वीसच्या दशकातल्या. फीत १९२२च्या आधीची असूच शकत नाही. नोंदीत मी "१९२३ नंतर, तिशीच्या सुरुवातीपर्यंत" असं लिहिलं आणि एरियलबद्दल प्रश्नचिन्ह टाकलं.

कमिटीला हे आवडलं नाही. त्यांना भिंतीवरच्या चौकटीखाली लिहायला एक साल हवं होतं. शिवाय एका उत्साही सभासदाने मला न विचारता फीत एका ॲपमध्ये घालून आणली होती: रंगीत, गुळगुळीत, सेकंदाला साठ फ्रेम. पहिल्यांदा पाहताना माणूस भुलतो हे मान्य. नंतर वल्ह्यांकडे पाहिलं. सोळाच्या साठ करायच्या तर मधल्या फ्रेम यंत्राने मनाने रंगवायच्या. माणसांचे चेहरे ते बरे रंगवतं, पण वल्हं फार बारीक आणि फार वेगात फिरणारं. पातं पाण्यातून वर येताना विरघळून जातं आणि पुढे भलतीकडेच उगवतं. एके ठिकाणी चार नंबरचं आणि सहा नंबरचं वल्हं एकमेकांत मिसळून एकच जाड वल्हं होतं. रंग तर विचारूच नका, ऑक्सफर्डची पाती हिरवी. ज्या गोष्टीसाठी ही फीत काढली गेली तीच त्यात पुसली गेली होती. मी म्हटलं, हे लावायचं असेल तर खाली माझं नाव नको. जरा जास्तच बोललो असेन, पण माझं मत आजही तेच आहे. ओरखडे राहू द्या, धुरकटपणा राहू द्या, फक्त वेग बरोबर ठेवा. जुन्या फितीची निम्मी दुरुस्ती तिथेच होते.

शेवटी क्लबाच्या संध्याकाळी सोळाच्या वेगाची प्रत लावली गेली, बोटी ठेवायच्या शेडमध्ये, पांढऱ्या चादरीवर. सत्तर-पंच्याहत्तर सेकंदांचा सगळा मामला. गर्दी हलते, पोर भिंतीवरून उतरतं, पुलाखालून दोन रेघा येतात आणि त्यांची माणसं होतात. या वेगाला पहिल्यांदाच स्ट्रोकमधलं अंतर दिसतं. वल्हं पाण्यातून सुटल्यावर बैठक हळूहळू मागे सरकते, आणि त्या सरकण्यात बोट स्वतःहून धावते. रोइंगमधली सगळी मजा त्या क्षणात असते आणि पंचवीसच्या वेगात नेमका तोच क्षण गिळला जातो. बीअरचे ग्लास हातात घेऊन उभी असलेली मंडळी गप्प झाली. कुणी हसलं नाही, हे मी मुद्दाम पाहिलं; तुरुतुरु प्रतीला हेच लोक खदखदून हसले होते.

आमचे म्हातारे कोच पुढच्या बाकावर बसले होते. साल काय, फीत कुणाची, यातलं त्यांनी काही विचारलं नाही. फीत संपल्यावर ते म्हणाले, "सहा नंबर उशिरा पाण्यात जातोय." मागून कुणीतरी म्हणालं की तसं कोनामुळे दिसतंय. झालं, वाद पेटला. मला लॅपटॉपवर तीच जागा फ्रेम-फ्रेम पुढेमागे करत बसावं लागलं. माझ्या मते उशीर एका फ्रेमचा आहे. कोच दोनवर अडून आहेत.